नाल्याकाठची ओल तेवढी सोडा

मा. संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार.

काही महिन्यांपूर्वी आपल्या पुरवणीत ब्राह्मीवर मजकूर आला होता. वर्णन होतं गोल पानाच्या, जमिनीला चिकटून पसरणाऱ्या मंडूकपर्णीचं आणि फोटो होता जलब्राह्मीचा. ही चूक एवढी सर्रास होते की निव्वळ तेवढ्यासाठी पत्र लिहिलं नसतं. पण तो अंक आला त्याच आठवड्यात आमच्या वस्तीमागच्या नाल्याच्या काठावरचा मंडूकपर्णीचा ताटवा पोकलेनने उचलून ट्रकमध्ये भरला. त्यामुळे दोन्ही गोष्टी एकत्रच लिहितो.

मी पश्चिम नागपुरात सत्तावीस वर्षांपासून रोपवाटिका चालवतो. माझे वडील सिव्हिल लाइन्समधल्या एका बंगल्यावर माळी होते, त्यामुळे हातात खुरपं लहानपणीच आलं. दुकानात ‘ब्राह्मी आहे का’ असं विचारत रोज कोणी ना कोणी येतं. मी उलट विचारतो, ‘कोणती?’ गिऱ्हाईक गोंधळतं. मग मी दोन कुंड्या शेजारी ठेवून दाखवतो.

जलब्राह्मीची पानं बारीक, जाडसर, लांबट, समोरासमोर जोडीने येणारी. फूल पांढरं, थोडी निळसर छटा असलेलं, पाच पाकळ्यांचं. पान चावलं तर कडूजहर. ती आता इसबगोलाच्या कुळात मोडते. मंडूकपर्णीचं पान गोल, देठाजवळ खोल खाच, कडेला बारीक कंगोरे, आणि प्रत्येक पान आपापल्या लांब देठावर उभं. ती गाजराच्या कुळातली. आपण नागपूरकर ज्याला सांबार म्हणतो तो, म्हणजे कोथिंबीर, शिवाय जिरं, ओवा, बडीशेप, शेपू, हे सगळे तिचे भाऊबंद. पान चोळून नाकाशी धरलं की गाजराच्या पाल्याचा पुसट वास येतो. सरकारी आयुर्वेदिक फार्माकोपियात, म्हणजे औषधांच्या प्रमाणग्रंथात, ब्राह्मी म्हणजे जलब्राह्मी आणि मंडूकपर्णी वेगळी, असंच दिलं आहे. केरळातले वैद्यही तेच मानतात. आपल्याकडे आणि उत्तरेत मात्र गोल पानवालीलाच ब्राह्मी म्हणतात. कोकणात तिला कारिवणा हे नाव आहे. चरकसंहितेत बुद्धी वाढवणारी म्हणून जी चार रसायनं सांगितली, त्यात पहिला मंडूकपर्णीचा रस आहे, मग ज्येष्ठमध, गुळवेल आणि शंखपुष्पी.

ती गाजराच्या कुळातली आहे यावर लोकांचा पटकन विश्वास बसत नाही, कारण शेपू-बडीशेपेसारखी छत्री तिच्यावर दिसत नाही. छत्री असते, पण ती पाहायला मातीवर गाल टेकवावा लागतो. पानांचे देठ बाजूला केले की त्यांच्या बुडाशी, जमिनीला जवळजवळ लागूनच, तीन-चार गुलाबीसर फुलांचा झुबका सापडतो. एकेक फूल मोहरीच्या दाण्याहून फार मोठं नाही. पुढे त्याचं फळ होतं, दोन्ही बाजूंनी दाबल्यासारखं चपटं, वर शिरा उठलेलं. चिमटीत दाबलं की धण्यासारखी त्याची दोन अर्धी होतात. शाळेची मुलं दुकानात आली की मी त्यांना भिंग देऊन हे दाखवतो. धणे घरून आणायला सांगतो आणि दोन्ही एका कागदावर ठेवतो. मग काही समजावून सांगावं लागत नाही.

आणखी एक घोळ आपल्या भागात होतो तो सांगायलाच हवा. मागच्या पावसाळ्यात एक आजोबा पिशवीभर वेल घेऊन आले. नातवाला रोज रस देत होते. वेल जमिनीवर पसरलेली, पान गोल, खाच असलेलं, पेराला मुळं, सगळं जुळत होतं. पण पिशवीत दोन-तीन पिवळी फुलं होती, लहान घंटेसारखी. ती उंदीरकानी होती. आपल्या काळ्या मातीच्या वावरात, धुऱ्यावर म्हणजे बांधावर ती भरपूर येते आणि ब्राह्मी म्हणून खुडली जाते. पिवळं फूल दिसलं की ती मंडूकपर्णी नाही, एवढं लक्षात ठेवावं. फूल नसेल तर ओळखीच्या माणसाला दाखवल्याशिवाय तोंडात घालू नये.

आता मुख्य गोष्ट.

आमच्या नाल्याचा डावा काठ उंच होता, पुरुषभर. वरचा थर मुरमाचा आणि त्याखाली काळा पाषाण. पावसाचं पाणी मुरमातून झिरपत खाली यायचं, पाषाणाला अडायचं आणि तिथून काठाच्या पोटातून बाहेर पाझरायचं. नाल्यातलं पाणी वस्त्यांच्या सांडपाण्याचं, काळं. पण हा पाझर त्याच्या हातभर वर होता आणि त्याचं पाणी नितळ होतं. धार अशी कधीच नाही, नुसती ओल. वर उंबर आणि करंज, त्यामुळे दुपारची सावली. त्या ओलीच्या पट्ट्यावर दोन खाटा मावतील एवढ्या जागेत मंडूकपर्णी पसरली होती. बाजूला माका, जलपिंपळी, आंबुशी, लव्हाळा. रोजच्या चालीत मी तिथे थांबायचो. पावसाळ्यात ती दाट व्हायची, हिवाळ्यात थबकायची, आणि नवतप्यात, म्हणजे मेअखेरच्या त्या नऊ दिवसांच्या कडक उन्हात, आजूबाजूचं गवत काडीसारखं वाळलेलं असताना तिथला पट्टा हिरवा असायचा. नागपूरचा मे महिना, पारा पंचेचाळीसच्या वर, आणि तिथे हात लावला तर माती गार. सांजच्याला बेडकं येऊन बसत. मंडूकपर्णी हे नाव पानाच्या आकारावरून पडलं की बेडकाच्या जागी उगवते म्हणून, यावर वैद्यांचे वाद चालोत. मला तिथे बसलेली बेडकं रोज दिसत होती.

ही वनस्पती बहुवर्षायू आहे. बी पडून उगवण्यापेक्षा ती धावते जास्त. तांबूस, सुतळीएवढी बारीक फांदी जमिनीवरून पुढे जाते, एक पेर मातीला टेकतं, तिथून मुळं खाली आणि पानं वर, मग पुढचं पेर. असं वर्षानुवर्षं चालतं. आमच्या काठावरचा तो सगळा ताटवा कदाचित एकाच झाडाचा असेल. पण पेराला टेकायला ओली माती लागते. ती नसेल तर फांदी हवेत लोंबते आणि सुकते.

लहानपणी माय मला तेलंगखेडीच्या बाजूच्या एका ओघळीवर घेऊन जायची. श्रावण-भाद्रपदात. ‘मुळासकट ओढू नको रे, पानं खूड फक्त,’ हे ती दरवेळी बजावायची. घरी पानं पाट्यावर वाटून रस पिळायचा, गंजात म्हणजे पातेल्यात तिळाचं तेल, त्यात रस आणि थोडा चोथा, आणि चुलीवर मंद आच. तास-दीड तास ते तडतडत राही. मग ती चोथ्याची बोटभर वात करून निखाऱ्यावर धरायची. वात तडतडली तर पाणी शिल्लक आहे, शांत जळली तर तेल तयार. शिवाय तेलाला फेस आला की झालं समजायचं. तुपाचं उलटं, तिथे फेस बसला की झालं. तिला अक्षर वाचता येत नव्हतं, पण ही खूण जुन्या वैद्यकात अशीच दिली आहे हे मला खूप नंतर कळलं. गडद हिरवं तेल निघायचं. आम्हा चार भावंडांच्या डोक्याला वर्षभर पुरायचं. त्या ओघळीच्या जागी आज रस्ता आहे.

माझ्याकडे येणाऱ्या एक बंगाली वहिनी हिला थानकुनी म्हणतात आणि पोट बिघडलं की वाटून भाताबरोबर खातात. श्रीलंकेत ओल्या नारळात कालवून तिची कोशिंबीर करतात, तिथे तिचं नाव गोटुकोला. आजकाल मुली चेहऱ्याला लावायचं ‘सिका’ क्रीम मागवतात, तेही हिच्याच अर्कापासून. जखम भरून येण्यासाठी तिचे घटक औषधात वापरतात. एवढी जगभर मागणी असलेली वनस्पती आपल्या नालीकाठी फुकट उगवत होती.

भिंत का बांधतात हे मला कळतं. २३ सप्टेंबर २०२३ ची पहाट आम्ही विसरलो नाही. काही तासांत शंभर मिलिमीटरहून जास्त पाऊस झाला, अंबाझरी तलाव ओसंडला आणि नाग नदीकाठच्या वस्त्यांत माणसं झोपेत असताना पाणी शिरलं. माझ्या रोपवाटिकेत गुडघाभर गाळ होता, आठशेच्या वर कुंड्या गेल्या. ओळखीच्या एका घरात म्हाताऱ्या माणसाला टेबलावर उभं करून वाचवावं लागलं. त्यानंतर नाल्यांना, नदीला भिंती हव्या ही मागणी लोकांनीच केली, मीही सही केली. तेव्हा या पत्राचा अर्थ कोणी भिंतीला विरोध असा काढू नये.

माझं म्हणणं काम करण्याच्या पद्धतीबद्दल आहे. काम कोणत्या खात्याचं, कंत्राट कोणाचं, ते लिहीत नाही, कारण सगळीकडे हेच चाललं आहे. मी सकाळी सहाच्या सुमारास गेलो तेव्हा पोकलेन काठावर उभं होतं. चालवणारा तिशीतला पोरगा, भंडाऱ्याकडचा. त्याला म्हटलं, ‘बाबू, एवढा पट्टा सोडता नाही येत काय? औषधी आहे.’ तो खाली उतरला, पाहिलं, पान चोळून वासही घेतला. म्हणाला, ‘भाऊ, मले सांगतलं का काठ साफ करून पाया खोदायचा. तुमी साहेबाले सांगा, मी थांबतो दहा मिनिटं.’ साहेबांचा फोन लागला नाही. पोरगा पंधरा मिनिटं थांबला, तेवढ्यात मी खुरप्याने चार ढेकळं उचलून पन्नीत भरली. मग बकेट खाली आलं आणि एका घासात माती, मुळं, बेडकं, सगळं वर गेलं. त्या पोराचा काही दोष नाही. त्याने दाखवली तेवढी कदर मला त्या कामावर दुसऱ्या कोणात दिसली नाही.

आता तिथे सिमेंटची उभी भिंत आहे. मागच्या पाण्याचा दाब निघावा म्हणून तिच्यात पांढऱ्या प्लास्टिकच्या नळ्या बसवल्या आहेत. पाझर अजून आहे, तो त्या नळीतून थेंब थेंब पडतो. पण थेंब पडतो तो सिमेंटवर. नळीखाली शेवाळाची एक हिरवी रेघ उमटली आहे आणि ती उन्हात वाळते. पाणी तेच, जागा तीच, फक्त मधली माती नाही.

कोणी म्हणेल, तुमच्याकडे कुंडीत आहे ना? आहे. त्या चार ढेकळांची आता साठ रोपं झाली. पण सत्तावीस वर्षांच्या अनुभवाने सांगतो, ही वनस्पती कुंडीत राहते ती माणसाच्या जिवावर. नवतप्यात हिरव्या जाळीखाली, पाण्याच्या टबात कुंड्या ठेवाव्या लागतात. एक दिवस पाणी चुकलं तर पानं कागद होतात. मागच्या वर्षी घरच्या लग्नामुळे दोन दिवस दुर्लक्ष झालं आणि निम्म्याहून जास्त रोपं गेली. नवीन कुठून आणली? त्याच काठावरून. ज्याला आम्ही मातृरोप म्हणतो ते आमच्याकडे नसतं, ते तिथे असतं. आपल्या उन्हात, आपल्या मुरमात तगलेलं रोप तिथे होतं. पुण्याहून किंवा बंगळुरूहून मागवलेलं रोप इथल्या पहिल्याच उन्हाळ्यात मान टाकतं. शिवाय कुंडीतलं पान मोठं, फिकट आणि पाणचट होतं. काठावरचं लहान, जाड, आणि ऊन लागणाऱ्या बाजूला कडा जांभळट.

आणि प्रश्न एका वनस्पतीचा नाहीच. जिथे मंडूकपर्णी उन्हाळाभर हिरवी राहते तिथे जमिनीखालचं पाणी उथळ आहे, ही खूण आहे. आमच्या भागातल्या जुन्या विहिरी अशाच पाझरांच्या रांगेत आहेत. सिमेंटचे रस्ते झाले, अंगणात फरश्या आल्या, नाल्याचा तळही सिमेंटचा होतो आहे. पाणी मुरायचं कुठून? माझ्या विहिरीला पूर्वी एप्रिलअखेर जेवढं पाणी असे तेवढं आता फेब्रुवारीत असतं.

उपाय अवघड नाही आणि महागही नाही. जिथे घर अगदी काठाला टेकलं आहे तिथे भिंत बांधा. जिथे दहा-बारा फूट जागा आहे तिथे उतार ठेवून कोरडं दगडी पिचिंग करा, म्हणजे सिमेंट न घालता दगड बसवा, किंवा जाळीत दगड भरून रचा. दगडांच्या फटीत माती राहते, पाणी ये-जा करतं, आणि पेराला टेकायला जागा मिळते. भिंतच हवी असेल तर तिच्या पायथ्याशी, पाझराच्या नळ्यांखाली, दोन फूट रुंदीचा मातीचा पट्टा सोडा आणि पुढे दगडांचा ओटा करा. काठ धरायला वाळा लावा. वाळा म्हणजे तीच खस, जिच्या ताट्यांनी आपण कूलर येण्याआधी खिडक्या गार ठेवल्या. तिची मुळं सरळ खाली जातात आणि माती घट्ट धरून ठेवतात. तिची रोपं लागतील तेवढी मी देतो, पैसे नकोत. पावसाळ्याआधीच्या नालेसफाईतही तेच. पात्रातला गाळ काढा, काठाची साल काढू नका. काठावर तणनाशक तर मुळीच मारू नका.

ही माहिती बाहेरून आणायचीही गरज नाही. नीरी ही राष्ट्रीय पर्यावरण अभियांत्रिकी संशोधन संस्था १९५८ पासून आपल्या शहरात आहे. पाणकणीस, कर्दळ अशी झाडं खडीच्या वाफ्यात लावून सांडपाणी शुद्ध करण्याची फायटोरिड पद्धत त्यांचीच. राज्याच्या जैवविविधता मंडळाचं मुख्यालयही नागपुरातच आहे. २००२ च्या जैवविविधता कायद्याप्रमाणे प्रत्येक स्थानिक संस्थेने लोक जैवविविधता नोंदवही ठेवायची असते. तिच्यात झाडांची नावं येतात. माझी विनंती आहे की तिच्यात पाझरही यावेत, नकाशावर खूण करून, आणि कोणत्याही नाल्याच्या कामाआधी अभियंत्याने ती नोंदवही उघडून पाहावी. कोणत्या काठाला कुठे उन्हाळाभर ओल असते हे त्या त्या वस्तीतल्या गुराख्याला, धोब्याला, कचरा वेचणाऱ्या बाईला माहीत असतं. त्यांना विचारलं तर महिनाभरात यादी होईल.

एक सावधगिरी मात्र जोडून लिहितो, नाहीतर हे पत्र वाचून लोक उद्या पिशव्या घेऊन नाल्यावर जातील. नाल्याकाठची मंडूकपर्णी खाऊ नका. ही वनस्पती गाळातले शिशासारखे जड धातू शोषून घेते. तिथून रोप आणायचं ते वाढवण्यापुरतं. मी ढेकूळ आणलं की मुळं धुतो, स्वच्छ मातीत लावतो, आधीची सगळी पानं खुडून फेकतो आणि दोन-तीन महिने नवी पानंही कोणाला देत नाही. आणि चांगल्या मातीतली असली तरी रोज ग्लासभर रस हा प्रकार वैद्याला विचारल्याशिवाय करू नये. काही लोकांच्या यकृताला तिचा त्रास झाल्याच्या नोंदी डॉक्टरांनी केल्या आहेत. गरोदर बायांनी तर टाळावीच.

आमच्या नाल्याचा पुढचा टप्पा दिवाळीनंतर सुरू होणार असं ऐकतो. त्या टप्प्यात, पुलापासून साधारण दोनशे पावलं खाली, जांभळाच्या झाडाखाली मंडूकपर्णीचा अजून एक ताटवा आहे. अंथरलेल्या सतरंजीएवढा. तिथे काठापासून सर्वांत जवळचं घर चाळीस फुटांवर आहे, म्हणजे उतार द्यायला जागा आहे. ज्या कोणा साहेबांकडे हे काम असेल त्यांनी आखणी करण्याआधी एकदा येऊन पाहावं. मी रोज सकाळी सहा ते सात तिथे असतो. ताटव्याभोवती मी चार बांबू रोवून लाल फडकं बांधून ठेवलं आहे, ते पुलावरूनही दिसतं.

आपला,
एक रोपवाटिकाचालक, पश्चिम नागपूर

(कृपया नाव छापू नये. रोपांची जाहिरात केल्यासारखं वाटू नये, एवढंच कारण.)